अवघड इंग्रजी शब्दांचे उच्चार देवनागरीत लिहावेत की आयपीएत (आंतरराष्ट्रीय ध्वनिलिपीत)?

शब्दचाळा:
माझं मत: मराठी माणसासाठी देवनागरीच. स्पेलिंगवरून 'क्वे' वाचणाऱ्याला 'की' (बंदराचा धक्का) एवढं लिहून दिलं की काम झालं. 'बोटस्वेन' नव्हे, बोसन (जहाजावरचा सारंग). 'इन्डिक्ट' नव्हे, इन्डाइट (आरोप ठेवणे). 'व्हिक्च्युअल्स' नव्हे, व्हिटल्स (खाण्याचे जिन्नस). त्यातला 'सी' पंडितांनी लॅटिनशी नातं दाखवायला मागाहून घुसडला, जिभेने तो कधी घेतलाच नाही. यासाठी आंतरराष्ट्रीय ध्वनिलिपी कशाला हवी? आपल्याकडे ॲ आणि ऑ आहेत, व्ह आणि व वेगळे लिहायची सवयही आहे.

उलटा ई:
सोपे शब्द निवडलेत. आता 'सीझर' लिहा. हा रोमचा सीझर की जप्तीचा? पहिल्यात झेड, दुसऱ्यात 'मेझर'मधला घर्षक ध्वनी. देवनागरीत दोन्ही एकच. 'इन्साइट'चंही तेच: आघात (उच्चारातला जोर) पहिल्या अक्षरावर असेल तर मर्मदृष्टी, दुसऱ्यावर असेल तर चिथावणे. स्वर-व्यंजनं तीच, फरक फक्त आघाताचा, आणि तो तुमच्या लिपीत दिसतच नाही.

शब्दचाळा:
अशा जोड्या मोजक्या. बहुतेकदा आघात हलला की स्वरही बदलतो, आणि तो देवनागरीत दिसतो. इन्व्हलीड म्हणजे आजाराने अधू झालेला, इन्व्हॅलिड म्हणजे अवैध. शिवाय आपला 'अ' इंग्रजीतल्या आघातहीन स्वराला बराच जवळचा आहे.

उलटा ई:
तो 'अ'च तर दगा देतो! 'इपिटमी' (मूर्तिमंत उदाहरण) कुणालाही वाचायला द्या. आपण 'चिमणी'चं 'चिम्णी' करतो, तसंच इथे 'इपिट्मी' होतं. चार अवयवांचे (एका झटक्यात उच्चारल्या जाणाऱ्या तुकड्यांचे) तीन झाले. 'अनेमनी'चं (एक फुलझाड) 'अनेम्नी' होतं, तेही याच खोडीमुळे. 'हायपर्बली' (अतिशयोक्ती) मात्र वाचतं, कारण तिथे जोडाक्षर आडवं येतं. म्हणजे कुठला शब्द बिघडणार हे मराठीच्या सवयीवर ठरणार, इंग्रजीच्या नाही.

मधला मार्ग:
त्यावर उपाय आहे. अवयव आडव्या रेघेने तोडा आणि आघाताच्या अवयवाआधी वर एक टोचणी द्या: इ-ˈपि-ट-मी. ट सुटा पडला की त्यातला 'अ' गिळला जात नाही. ˈइन्-साइट आणि इन्-ˈसाइट वेगळे होतात. जप्तीच्या झ खाली नुक्ता द्या. ब्रिटिश की अमेरिकन तेही लिहाच, नाहीतर 'लेफ्टनंट' बरोबर की 'लूटेनंट' यावर आणखी एक धागा निघेल.

उलटा ई:
नुक्ता मराठी मुद्रितशोधक शाईचा ठिपका समजून पुसून टाकेल. आणि एवढं शिकवायचंच असेल तर आयपीए काय वाईट? इंग्रजीची व्यंजनं 24, त्यांत रोमन वर्णमालेबाहेरच्या आकृत्या पाचच. फक्त 'जे' दिसला की 'य' वाचायचं, तिथे सगळे फसतात. खरी मेहनत स्वरांची.

शब्दचाळा:
मग अमेरिकेतल्या मेरियम-वेबस्टर शब्दकोशाने आयपीए सोडून स्वतःची चिन्हं का ठेवली आहेत? वाचकाला ओळखीच्या अक्षरांत उच्चार हवा असतो म्हणूनच ना! टोचणी आणि रेघ मान्य. नुक्त्याऐवजी त्या एका ध्वनीपुरतं कंसात 'मेझरमधला झ' असं लिहू.

उलटा ई:
लिहा. पण 'थ'चं काय करणार? इंग्रजी 'थिन'मधला थ दातांमधून वारा सोडून येतो, आपला थ जीभ दातांना टेकवून. त्याला कंसात काय लिहाल?