जुन्या अग्यारीच्या घुमटाची गळती: आत न जाता काम कसं करायचं?

कौलारू_पुणे:
पुण्याच्या पूर्व भागातल्या एका जुन्या अग्यारीच्या (पारशांच्या अग्निमंदिराच्या) छतदुरुस्तीचं इस्टिमेट द्यायचं आहे. बाहेरचा घुमट, त्याच्या भोवतीचा सपाट कोबा आणि पुढच्या मंडपावरची मंगलोरी कौलं, एवढं काम. पावसाळ्यात गाभाऱ्याच्या भिंतीला ओल धरते आणि घुमटाच्या बुडाशी गिलावा फुगून पडतो. आमच्यात कुणीच पारशी नाही, त्यामुळे आतली पाहणी होणार नाही हे ट्रस्टींनी आधीच सांगितलंय. त्याबद्दल तक्रार नाही. पण आतली रचना साधारण कशी असते? बाहेरून काय झाकलेलं चालतं, काय नाही? कामाच्या वेळा कशा धरायच्या? आणि काम चालू असताना अग्नी दुसरीकडे हलवतात का? हलवत असतील तर तो खर्च आमच्या इस्टिमेटमध्ये येतो का?

विरलेला_चुना:
घुमटाच्या बगलेतले झरोके बुजवू नका. गळती तिथूनच होते असं वाटतं आणि पहिला हात तिथेच जातो. गाभाऱ्यावर बहुधा दुहेरी घुमट असतो. धूर जायला दोन्ही घुमटांना भोकं असतात, पण ती एकमेकांसमोर येत नाहीत. धूर वळसा घेऊन बाहेर पडतो, पाऊस आणि पाखरांची घाण मात्र सरळ खाली जात नाही. शिवाय अग्नीवर थेट ऊन पडू नये हा आपल्याकडच्या अग्यारींचा दंडक आहे, तोही यानेच सांभाळला जातो. एक बाजू बंद केलीत की धुराची ओढ मोडते, धूर आत कोंडतो आणि काजळी झपाट्याने चढते. झरोक्यात पाणी शिरतच असेल तर त्याच्यावर बाहेरून छज्जा द्या. भोक लहान करू नका आणि बारीक जाळीही लावू नका, ती काजळीने महिन्याभरात बुजते.

आत गाभारा लहान असतो. भिंतींना लादी किंवा संगमरवर, बाकी नक्षीकाम नाही. मध्ये दगडी बैठक, तिच्यावर आफर्गान्यु म्हणजे धातूचं मोठं उभं पात्र, आणि त्यातल्या राखेच्या थरावर अग्नी. कोपऱ्यात घंटा. उजेड फक्त अग्नीचा, त्यामुळे विजेची पाइप गाभाऱ्याच्या भिंतीतून किंवा घुमटातून नेऊ नका. ‘एक दिवा टाकून देऊ’ हे सौजन्यानेही सुचवू नका.

आता ओल. जुनी भिंत चुन्याची असणार. तिच्यावर कुणीतरी मध्येच सिमेंटचा गिलावा केलेला असतो आणि खरी भानगड तीच असते. सिमेंट पाणी बाहेर पडू देत नाही, मग आतला ओलावा खालून लोणा (क्षार) घेऊन फुटतो. सिमेंट हातछिन्नीने उतरवा, ब्रेकर लावू नका, हादऱ्याने आतल्या लाद्या सुटतात. नवा गिलावा नीट विरवलेल्या चुन्याचा, एकास तीन वाळू, आणि पाणी लागणाऱ्या जागी वाळूतला काही भाग सुरकीचा (विटांच्या भुकटीचा). एका थरात १२ मिमीपेक्षा जाड नको. पहिला थर वाळून कडक होईपर्यंत दुसरा चढवू नका आणि ओलं गोणपाट सात-आठ दिवस तरी ठेवा. घाई केली की बारीक जाळीसारख्या भेगा पडतात. घुमट आणि कोब्याच्या सांध्यात काटकोन राहू देऊ नका, गोलाई द्या. कोब्याला उतार निदान शंभराला एक. पन्हळीचं तोंड आधी तपासा. अर्धी गळती तिथेच सापडते.

सुखडकाठी:
वरच्यांचं बांधकामाचं बरोबर आहे. वेळांचं मी सांगतो, कारण तिथेच कंत्राटदाराचा आणि पंथकींचा (अग्यारी सांभाळणाऱ्या मुख्य पुजाऱ्यांचा) खटका उडतो.

दिवसाचे पाच गाह, म्हणजे प्रार्थनेचे प्रहर: हावन सूर्योदयापासून, मग दुपारी रपिथ्विन, उझिरन, सूर्यास्तानंतर अइविस्रुथ्रेम आणि मध्यरात्रीनंतर उशहिन. गाह बदलला की बोई होते. तोंडाला पदान (पांढरं फडकं) बांधलेले मोबेद (पारशी पुजारी) अग्नीला सुखड (चंदन) देतात आणि दुष्मत, दुझुख्त, दुझ्वर्श्त (वाईट विचार, वाईट बोल, वाईट कृती) हे म्हणताना घंटा वाजवतात. त्या वेळी वर हातोडा चालायला नको. दुपारच्या वेळा बऱ्याच ठिकाणी १२:४० आणि ३:४० अशा धरतात, १२ आणि ३ नव्हे. जुना बॉम्बे टाइम आजच्या घड्याळापेक्षा ३९ मिनिटं मागे होता, त्याचा हा उरलेला हिशेब. रपिथ्विन वर्षाचे सात महिनेच असतो. बाकी पाच महिने त्याच्या जागी दुसरा हावन म्हणतात, बोई मात्र चुकत नाही. तेव्हा तुमच्या वेळापत्रकात सकाळी आठ ते बारा आणि दुपारी एक ते साडेतीन असे दोन टप्पे धरा, आणि पंथकींकडून शिक्कामोर्तब करून घ्या.

तारखांचं: मुक्तादचे (मृतांच्या स्मरणाचे) दहा दिवस आणि लगोलग येणारं नवं वर्ष टाळा. पारशांच्या शहेनशाही पंचांगात लीप वर्ष नसल्याने नवं वर्ष दर चार वर्षांनी एक दिवस अलीकडे सरकतं, सध्या ते १५ ऑगस्टला येतं. तसाही तुम्ही ऑगस्टात घुमट उघडणार नाही. पारशी महिन्याचे आदर रोज (९ वा दिवस) आणि बेहराम रोज (२० वा दिवस) गर्दीचे. त्या अग्यारीची सालगिरह (स्थापनेचा वाढदिवस) कधी ते वेगळं विचारा, प्रत्येकीची तारीख निराळी असते.

अग्नी हलवण्याबद्दल: ही बाब इस्टिमेटमध्ये घालूच नका. अग्नीचे वरून खाली आतश बेहराम, आतश आदरान आणि दादगाह असे तीन दर्जे आहेत. बेहराम भारतात आठच: मुंबईत चार, सुरतेत दोन, नवसारीला एक आणि उदवाड्याचा इराणशाह. पुण्यात तो नाही. नाना पेठेतली सर जमशेटजी जीजीभाई अग्यारी घ्या किंवा कॅम्पातली पटेल अग्यारी, पुण्यातला विचार आदरानच्या पातळीवर करायचा. आदरान चार वर्गांच्या घरचे अग्नी शुद्ध करून एकत्र आणून होतो, बेहरामला सोळा लागतात. त्यातला एक चितेचा; तो ९१ वेळा शुद्ध करतात. भोकं असलेल्या पळीत सुखडीचा चुरा ठेवून ती ज्वाळेच्या वर, न टेकवता धरतात. आचेने चुरा पेटला की तो पुढचा अग्नी. इतकं करून बसवलेला अग्नी कौलांच्या कामासाठी कुणी हलवत नाही. अगदी अटळच झालं तर तो ट्रस्टी आणि दस्तुरांचा (वरिष्ठ धर्मगुरूंचा) निर्णय. त्याच आवारात शुद्ध केलेली खोली तयार करायची, अग्नी मोबेदांनीच न्यायचा आणि तिथेही पाच वेळची बोई चालू ठेवायची. काम झाल्यावर गाभारा पुन्हा क्रियाकर्म करूनच वापरात येतो.

तुमच्या कामाला त्याची गरज दिसत नाही. परांचीवर स्वतंत्र पत्र्याचं छप्पर उभारा, घुमटाला न टेकता, झरोक्यांच्या वर पुरेशी मोकळी जागा ठेवून. मलबा पडू नये म्हणून झरोक्यांसमोर तिरपी ताडपत्री धरा, चिकटवून नाही.

क्वार्टरगेट_कट्टा:
मजुरांना आधीच सांगून ठेवायच्या गोष्टी. आवारात विडी, तंबाखू, थुंकणं नको. अग्नीच्या जागी हे मनाला फारच लागतं. डोक्याला टोपी किंवा फडकं. फोटो बाहेरच्या भिंतीचेच, झरोक्यातून मोबाइल आत घालून नाही.

विहीर झाका. तिचं पाणी क्रियाकर्माला लागतं, त्यात सिमेंटचं धुवण गेलं तर काम तिथेच थांबेल. मुंबईत मेट्रो-३ च्या बोगद्यावरून वाडियाजी आणि अंजुमन आतश बेहरामचं प्रकरण २०१८ मध्ये उच्च न्यायालयात गेलं होतं, त्यातही विहिरीच्या पाण्याचा मुद्दा होता. न्यायालयाने बोगदा अडवला नाही ते सोडा, लोकांच्या मनाला काय लागतं ते कळतं. आवारात परांचीचे पाय रोवण्याआधी जागा दाखवून घ्या. आणि कोपऱ्यात राखेची भांडी दिसली तर मलब्यात टाकू नका; ती रख्या आहे, भाविक कपाळाला लावतात.

कौलारू_पुणे:
फार उपयोगी. आतल्या काजळीचं काय? ट्रस्टी म्हणतात, सफेदी केली की दोन महिन्यांत पुन्हा तपकिरी डाग येतात.

विरलेला_चुना:
सुखड आणि बाभळीच्या धुरात डांबरी अंश असतो, तो पाण्यातल्या रंगातून वर येतो, सफेदी कितीही हात द्या. आधी कोरडी काजळी काढावी लागते. मऊ ब्रश आणि कोरडा रबरी स्पंज, पाणी शेवटी आणि अगदी कमी. आधीच पाणी मारलं तर काजळी छिद्रांत बसते. डाग अडवायला लाखेचा प्रायमर कुणी सुचवला तर चुन्याच्या भिंतीला नाही म्हणा, ओल आत अडकेल. हे काम तुम्ही नाही, आतले मोबेद किंवा पारशी स्वयंसेवक करतील, तुम्ही साहित्य आणि पद्धत लिहून द्या. बाभूळ ओली असेल तर धूर जास्त होतो, तेवढं लाकूड कोरड्या खोलीत ठेवायला सांगा.

सुखडकाठी:
माप हवं असेल तर पंथकींना टेप आणि कोरा नकाशा द्या, ते भरून देतात. जुना नकाशा ट्रस्टच्या कपाटात निघण्याचीही शक्यता आहे. आणि रचना डोळ्यांनी पाहायचीच असेल तर पुण्यातच २०१७ मध्ये सुरू झालेलं आशा वहिश्ता हे झरथुष्ट्री केंद्र आहे, तिथे बिगरपारशांनाही आत जाता येतं. मात्र तिथली इमारत नवी आहे, दुहेरी घुमटाचा अंदाज तिच्यावरून बांधू नका.