नाशिकच्या वाइनचे गोडवे आणि आमचा बोंडू

खाडीकाठचा, देवगड

'भारतीय वाइनचे दिवस आले, कोकणाने आता मागे राहू नये' अशा मथळ्याचा एक लेख गेल्या आठवड्यात आमच्या बागायतदारांच्या गटावर इतक्या वेळा फिरला, की शेवटी तो वाचावाच लागला. नाशिकने द्राक्षाची वाइन करून शेतकऱ्याचे सोने केले, तेव्हा आंबा, जांभूळ, करवंद आणि काजूबोंडू (काजूच्या बीला लागलेले रसाळ फळ) यांची वाइन करून कोकणानेही तेच करावे, असे लेखकाचे थोडक्यात म्हणणे आहे. त्यांच्या उत्साहाबद्दल माझी तक्रार नाही. पण ज्या उद्योगाचा दाखला त्यांनी दिला आहे, त्याची नाडीसुद्धा न पाहता त्यांनी तो ठणठणीत असल्याचे जाहीर केले, हे मला खटकले.

हा उद्योग कशावर उभा आहे ते पाहावे. परदेशी वाइनवर वर्षानुवर्षे दीडशे टक्के आयातशुल्क होते. राज्यात 2001 च्या द्राक्ष प्रक्रिया धोरणाने अबकारी शुल्कात माफी दिली, आणि पुढे वीस टक्के व्हॅट भरून घेऊन त्यातले सोळा टक्के परत करण्याची योजना आली. मध्यंतरी थांबलेली ही योजना 2024 च्या जानेवारीत पुन्हा पाच वर्षांसाठी सुरू करावी लागली. देशी वाइनच्या बाजारातला निम्म्याच्या आसपासचा वाटा एकट्या एका कंपनीकडे आहे. चेन्नई-कोलकात्याला तुम्ही कोणाच्या घरी जेवायला गेलात आणि पानाशेजारी नाशिकची बाटली दिसली, असे कधी झाले आहे काय? खप मुंबई-पुण्याच्या हॉटेलांत, गोव्यात, आणि शनिवार-रविवारी वायनऱ्या बघायला नाशिकच्या गंगापूर धरणाकडे जाणाऱ्या गाड्यांमध्ये. याला उद्योग म्हणावे की सहल, हा प्रश्न मला पडतो.

ज्यांच्याकडे ही परंपरा पिढ्यान्‌पिढ्यांची आहे त्यांची आजची स्थिती तरी पाहा. फ्रान्समध्ये बोर्दोच्या शेतकऱ्यांना वेली उपटण्यासाठी 2023 मध्ये हेक्टरी सहा हजार युरो देऊ केले गेले, आणि त्याच वर्षी विकली न जाणारी वाइन नष्ट करण्यासाठी वीस कोटी युरोंची तरतूद झाली. त्या वाइनचे स्पिरिट काढून ते अत्तरांत आणि हात धुण्याच्या द्रावणात वापरायचे. ऑस्ट्रेलियाने चीनच्या भरवशावर तांबड्या द्राक्षांची लागवड वाढवली, 2021 मध्ये चीनने 218 टक्क्यांपर्यंत शुल्क लादले, आणि 2024 च्या मार्चमध्ये ते उठेपर्यंत तिथल्या टाक्या भरून वाहत होत्या. जिथे जेवताना पाण्यासारखी वाइन पितात तिथे ही गत, आणि आम्ही म्हणे हापूस आंबवायचा.

नाशिकचा जावई, रत्नागिरी

खाडीकाठच्या काकांनी फ्रान्सचे हिशेब इतके चोख मांडले आहेत, की नाशिकला जाऊन एकदा विचारण्याची गरज त्यांना वाटली नसावी. माझे सासरे दिंडोरी तालुक्यातले द्राक्ष बागायतदार आहेत. त्यांनी 2006 साली एका वायनरीशी करार करून दोन एकर शिराझ, म्हणजे खास वाइनचे द्राक्ष, लावली. पुढे 2008 च्या नोव्हेंबरात मुंबईवर हल्ला झाला, त्यात जगभरची मंदी आली, हॉटेले ओस पडली आणि वायनऱ्यांकडे जुनी वाइनच तुंबून राहिली. 2009 च्या हंगामात द्राक्षातली साखर बावीस ब्रिक्सवर, म्हणजे तोडणीच्या गोडीला, आली तरी वायनरीची गाडी येईना. सासरे रोज सकाळी एक मणी चिरडून त्याचा थेंब गोडी मोजायच्या मीटरच्या काचेवर टाकीत, डोळा लावून पाहत आणि काही न बोलता मीटर खिशात ठेवीत. ही द्राक्षे बारीक, बियांची, जाड सालीची. ती पेटीत भरून बाजारात नेता येत नाहीत आणि त्यांचा बेदाणाही होत नाही. शेवटी अर्धा माल बांधावर गेला. त्यांनी एक एकर उपटला आणि एक ठेवला.

काकांना ही कथा इथे संपलेली हवी असेल, पण ती इथे संपत नाही. खायच्या द्राक्षाचे पीक खात्रीचे असे तुम्हाला वाटत असेल, तर 2010 आठवा. क्लोरमेक्वाट या वेलीची वाढ रोखणाऱ्या औषधाच्या अवशेषांवरून युरोपने त्या वर्षी आमच्या थॉमसन या खायच्या द्राक्षाचा माल अडवला, आणि निर्यातीवर विसंबलेली भलीभली घरे बसली. सासऱ्यांनी ठेवलेल्या एका एकराचा आज दुसऱ्या वायनरीशी करार आहे. मणी फुगवण्यासाठी औषधात घड बुडवायचे नाहीत, विरळणीची मजुरी नाही, पेटीतल्या मण्यांचा आकार मोजणारा व्यापारी नाही. उत्पन्न कमी आहे, हे मान्य. पण भाव छाटणीच्या आधी ठरलेला असतो. देवगडच्या हापूसचा भाव मोहोराच्या आधी कोण ठरवतो, ते काकांनी सांगावे.

राहिली सरकारी आधाराची गोष्ट. साखर कारखान्यांना मिळतो तो आधार, आणि वायनरीला मिळते ती कुबडी, असा भेद का करायचा? सहलीला येणाऱ्या माणसाने बाटली विकत घेतली, तर त्या पैशाला वेगळा वास येतो का?

तिरफळ, दोडामार्ग

या दोघांच्या भांडणात द्राक्षालाच मान मिळणार, हे ठाऊक होते. आमच्याकडे तीन हजार मिलिमीटर पाऊस पडतो. इथे द्राक्षवेल लावली तर उन्हाळ्यातल्या खरड छाटणीनंतर तिच्यावर फक्त केवडा आणि भुरी हे बुरशीचे रोग पिकतील. तेव्हा द्राक्ष राहू द्या आणि मूळ लेखातल्या शेवटच्या फळाकडे या.

मार्च-एप्रिलमध्ये पहाटे काजूच्या बागेत उभे राहून पाहिलेला माणूस या धाग्यात कोणी आहे का? खाली पडलेला बोंडू उचलायचा, पिळा देऊन बी काढायची, बी पाटीत आणि बोंडू ढिगात. वजनाने बोंडू बीच्या सात-आठ पट असतो. दहा वाजेपर्यंत ढिगावर गांधीलमाश्या जमतात, दुपारी त्याला आंबूस वास सुटतो आणि संध्याकाळी तो गुरेही खात नाहीत. गोव्याची गाडी आली तर डब्याच्या हिशेबाने जे देतील ते घ्यायचे. नाही आली तर ढीग झाडाच्या मुळात लोटायचा. तोच बोंडू सीमेपलीकडे सहा मैल गेला की त्याचा हुर्राक (पहिल्या धारेची दारू) होतो, फेणी होते. त्या फेणीला 2009 मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले, आणि 2016 मध्ये गोव्याने तिला राज्याच्या वारशाचे पेय ठरवले. अलीकडच्या बाजूला तेच कोणी केले, तर त्याच्या घरी पोलीस येतात.

2022 च्या एप्रिलमध्ये आमच्या सरकारलाही जाग आली. बोंडू आणि मोहाफुलांच्या मद्याला 'देशी'तून काढून 'विदेशी मद्या'च्या वर्गात घातले गेले. मी स्वतः परवान्याची चौकशी करायला एका कार्यालयात गेलो होतो. तिथल्या साहेबांनी माझे सगळे ऐकून घेतले आणि विचारले, "बोंडू म्हणजे नक्की काय?" त्यानंतर मी चार फेऱ्या मारल्या. पाचव्या वेळी ते साहेब बदलून गेले होते.

निवृत्त मास्तर, वेंगुर्ला

तिरफळ यांचे दुःख खरे आहे, परंतु त्यांनी धाग्यात एक घोळ करून ठेवला आहे. फेणी ही वाइन नव्हे. वाइन आंबवलेली असते आणि फेणी आंबवून मग गाळलेली असते. एकीत मद्यार्क बारा-तेरा टक्के, दुसरीत चाळीसच्या वर. राज्यात वाइनला ज्या सवलती मिळाल्या त्या द्राक्षाच्या नावाने, आणि गाळीव दारूचा कायदा, कर व परवाना हे सगळे प्रकरण वेगळे. हे दोन्ही एका दमात मागितले, तर कार्यालयातला साहेब गोंधळणारच.

दुसरे असे, की बोंडूची खरी वाइन करणे वाटते तितके सोपे नाही. बोंडू खाल्ल्यावर आपण 'घसो बसता' म्हणतो, तो घसा बसवणारा तुरटपणा रसात तसाच उतरतो. साबुदाण्याची पेज घालून रस ढवळला आणि काही तास निवत ठेवला की तुरट भाग खाली बसतो व वरचा रस निवळतो. काजूवर काम करणाऱ्यांना ही रीत जुनी आहे. परंतु हे सगळे बोंडू पडल्यापासून काही तासांत झाले पाहिजे. आमच्या वेंगुर्ल्याला फळ संशोधन केंद्र 1957 पासून आहे. वेंगुर्ला-4 आणि वेंगुर्ला-7 या काजूच्या जाती घरोघरी पोचल्या, बी मोठी झाली. बोंडूच्या वाट्याला मात्र सरबताचे प्रशिक्षण आणि प्रमाणपत्र आले.

'विदेशी' म्हटल्याचा राग मात्र धरू नये. काजू मूळचा ब्राझीलचा, तो पोर्तुगिजांनी आपल्याकडे आणला. सरकारने चारशे वर्षांनी का होईना, खरे ते नोंदवले.

माहेर मालवण

सगळ्या पुरुषमंडळींचे ब्रिक्स आणि टक्के वाचून झाले असतील, तर मीही थोडे लिहिते. 27 जानेवारी 2022 ला हजार चौरस फुटांच्या वरच्या दुकानांत कपाट लावून वाइन विकण्याचा निर्णय झाला, तेव्हा 'वाइन म्हणजे दारू नव्हे' हे वाक्य आम्ही महिनाभर ऐकले. अण्णा हजारे यांनी उपोषणाचा इशारा दिला, लोकांनी आरडाओरडा केला, आणि तो निर्णय कपाटातच राहिला, हे बरे झाले. त्याही वेळी शेतकऱ्याचेच नाव पुढे केले होते.

माझा धाकटा दीर हंगामात याच हुर्राकने सुरुवात करायचा. 'फळाचा रस आहे, औषध आहे' असे सासूबाईसुद्धा म्हणायच्या. पावसाळा आला की फळ संपायचे आणि मग जे मिळेल ते. एकेचाळिसाव्या वर्षी तो गेला. आमच्या गावात आडव्या बाटलीसाठी, म्हणजे दारूबंदीसाठी, बायकांनी सह्या गोळा केल्या, तेव्हा मी घरोघर हिंडले आहे, आणि सही द्यायला घाबरलेल्या बायकांची नावे मला अजून पाठ आहेत. तुम्हाला बोंडू वाया जातो याची हळहळ वाटते. माणूस वाया जातो, त्याचा ढीग कोण मोजतो?

तिरफळ, दोडामार्ग

ताई, तुमच्या दिराबद्दल वाईट वाटते, पण त्याचा दोष माझ्या झाडावर टाकू नका. हुर्राक दोन महिने मिळतो. उरलेले दहा महिने त्याने जे घेतले ते सरकारमान्य दुकानातले, ज्याचा कर तिजोरीत जातो, आणि ते उसाच्या मळीचे असते. मळीच्या दारूने माणूस मेला तर ते महसूल, आणि बोंडूचे नाव काढले की लगेच संस्कृती बुडते! साखरेच्या जिल्ह्यांतल्या पुढाऱ्यांना हा प्रश्न विचारण्याची हिंमत कोणात नाही, म्हणून आम्हाला नीतीचे धडे द्यायचे.

माहेर मालवण

मी पुढाऱ्यांनाही विचारले आहे, आणि तुम्ही गावातल्या बायकांपुढे उभे राहून हे वाक्य एकदा बोलून दाखवा. परवाना हवा तर घ्या. परंतु गावात आंबवणार, गावातच विकणार आणि वर त्याला वारसा म्हणणार, हे तीन एकदम मिळणार नाही. बाहेर विका, बाटलीवर दर आणि टक्के छापा, आणि हंगामात बोंडू वेचणाऱ्या बायकांची मजुरी आधी ठरवा. तेवढे केलेत तर निदान मी सह्या गोळा करत फिरणार नाही. याहून अधिक माझ्याकडून अपेक्षा नको.

खाडीकाठचा, देवगड

धाग्याचा विषय भारतीय वाइन उद्योग होता, याची आठवण करून देणे आता उद्धटपणाचे ठरेल, तरी करतो. जावईबापूंच्या सासऱ्यांचा एक एकर वाचला याचा आनंद आहे, पण उपटलेल्या एकराचे काय? तोही त्याच उद्योगाचा होता. शिवाय शुल्काची भिंत आता चिरू लागली आहे. ऑस्ट्रेलियाशी झालेला करार 29 डिसेंबर 2022 पासून लागू झाला. पाच डॉलरच्या वरच्या बाटलीवरचे शुल्क लगेच शंभर टक्क्यांवर आले आणि दहा वर्षांत ते पन्नासवर यायचे आहे; पंधरा डॉलरच्या वर तर पंच्याहत्तरवरून पंचवीसवर. त्या दिवशी नाशिकची बाटली शेजारच्या बाटलीपुढे किती टिकते, ते पाहू.

नाशिकचा जावई, रत्नागिरी

पाच डॉलरची अट काकांनी लिहिली, पण तिचा अर्थ लिहायचा राहिला. त्याहून स्वस्त माल सवलतीत येऊच शकत नाही. तेवढी भिंत नाशिकच्या स्वस्त बाटलीपुढे अजून उभी आहे. महागड्या बाटलीत आपण मार खाऊ, हे मी कबूल करतो. उपटलेल्या एकरात सासऱ्यांनी थॉमसन लावली. यंदा फळासाठीच्या गोडी छाटणीनंतर पाऊस झाला आणि निम्मे घड कुजले. आता त्यांना विचारले की कोणता एकर उपटायला हवा होता, तर ते मीटर काढून दाखवतात.

खाडीकाठचा, देवगड

ठीक आहे. करार लिहिलेला असेल, आगाऊ रक्कम बँकेत पडलेली असेल आणि वायनरी बुडाली तर माल कोण उचलेल हेही त्यात असेल, तर एक एकर लावण्यात पाप नाही, एवढे मी मान्य करतो. हापूसची वाइन मात्र माझ्या हयातीत माझ्या बागेतून होणार नाही. कॅनिंगला जाणारा डागी आंबा कोणाला न्यायचा असेल, त्याने रोख पैसे घेऊन यावे.

निवृत्त मास्तर, वेंगुर्ला

डागी आंब्यावरून आठवले. पलीकडे घोलवड-बोर्डीकडे चिकूची वाइन होऊन बाटलीत भरली गेली आहे आणि ती दुकानांत मिळते. चिकूसुद्धा पिकला की दोन दिवसांत जातो, आणि मीच एके काळी वर्गात सांगत असे की चिकूचे खाण्यापलीकडे काही होत नाही. तिरफळ, तुमचा अर्ज अजून असेल तर घेऊन या. त्यात 'फेणी' हा शब्द जिथे जिथे आहे तिथे मी खूण करून देतो.

तिरफळ, दोडामार्ग

अर्ज आहे, मास्तर, पण त्याची तिसरी प्रत वाळवीने खाल्ली. मार्चच्या दुसऱ्या आठवड्यात या, साबुदाणा घेऊनच या. आणि ताईंना सांगा, वेचणाऱ्या बायकांची मजुरी पाटीमागे ठरवायची की दिवसावर, ते त्यांनीच येऊन ठरवावे. आमच्याकडे त्यावरूनही भांडण आहे.