सोव्हिएत छावणीतला जर्मन युद्धकैदी: तपशील हवेत

पडघम, दादर: आमची एकांकिका 1946-47च्या हिवाळ्यात घडते. जर्मन युद्धकैदी लाकूडतोडीवर आहेत. पाव केवढा दाखवायचा? आणि धिप्पाड गडी आधी कोसळतो, किडकिडीत शिंपी तगतो, हे पटेल का?

आहारवेध, परळ: पटेल, तसंच घडत होतं. पाव रोजचा साधारण 600 ग्रॅम धरा. कामाचा नॉर्म, म्हणजे दिवसाचं ठरवून दिलेलं काम, भरला नाही तर कमी, जास्त भरला तर थोडा वाढीव. सोबत कोबीचं पाणीदार सूप आणि थोडा काशा, म्हणजे धान्याची जाड पेज. पाव राय (rye) या धान्याचा, ओला, जड. लादीपावासारखा फुगीर नको, अर्ध्या विटेहून लहानच दिसेल.

त्या पावातून 1300च्या आसपास कॅलरी मिळतात, सूप-काशातून थोड्या आणखी. बर्फात दिवसभर करवत ओढायला 3500 तरी लागतात. वाढीव 100 ग्रॅम पावाच्या जेमतेम 220, आणि तो मिळवताना त्याहून जास्त जळतात. थोराड देहाला नुसतं बसूनही जास्त लागतं, रेशन मात्र तेवढंच. शिंपी, चांभार, सुतार छपराखाली काम करायचे. जीव तिथे वाचायचा.

मेकअप: गाल खोल, पण पाय आणि पापण्या सुजलेल्या. भूक मारायला खारट पाणी ढोसणाऱ्यांची सूज आणखी वाढायची.

जुनी पानं, गिरगाव: वैद्यकीय तपासणीचा प्रवेश घ्याच. कैद्याला उघडं उभं करून डॉक्टर कुल्ल्याची कातडी चिमटीत ओढून बघायचे. मांस भरलेलं असलं तर अवघड काम, कातडी लोंबली तर हलकं काम किंवा विश्रांती. माणसाचं भवितव्य त्या चिमटीवर ठरायचं, यापेक्षा नाट्यमय काय हवं?

मोजे नकोत, पायपट्ट्या दाखवा. गुंडाळताना चुणी राहिली की फोड येतो, आणि उपाशी अंगात जखम भरत नाही. ओली पट्टी तशीच बांधली तर हिमदंश.

संवादात ‘गुलाग’ टाळा; ते शिक्षा झालेल्या कैद्यांच्या श्रमछावण्यांचं खातं. युद्धकैद्यांचं खातं वेगळं, गुपवी. 1946च्या दुष्काळाने रशियन जनताही उपाशी होती, तेव्हा पहारेकरी गुबगुबीत नसावा. घरी जाणाऱ्या रेडक्रॉसच्या कार्डावर 25 शब्दांची मर्यादा होती.

पडघम, दादर: हिरड्यांतून रक्त येणाऱ्या कैद्याला औषध काय देतील?

आहारवेध, परळ: पाइनच्या हिरव्या सुयांचं, म्हणजे सुईसारख्या पानांचं पाणी. सुया ठेचून गरम पाण्यात भिजवायच्या. खूप वेळ उकळल्या तर हिरड्यांना हवं असलेलं क जीवनसत्त्व नष्ट होतं. चव कडू, तुरट. नटाने पहिला घोट सहज गिळू नये.