मोबाइलनं नाटक मारलं म्हणे!

धानवाला : काल इथं एकानं लिहिलं, 'मोबाइल आला आन् पूर्व विदर्भातल्या आपल्या झाडीपट्टीचं नाटक संपलं. पोट्टे रीलमध्ये, म्हातारे मालिकेत.' भाऊ, तुम्ही शेवटचं नाटक कोणत्या साली पाहिलं? दिवाळीनंतर वडस्याला, नाटक कंपन्यांच्या गावाले, या. आमच्या मंडळाले यंदाही पाहिजे ती तारीख भेटली नाही. १९८७ मध्ये टीव्हीवर रामायण लागलं तेव्हाही हेच रडगाणं होतं. रविवारी सकाळी पाटलाच्या वाड्यात टीव्हीले हार घालणारं गावच रात्री नाटकाले बसे. आन् २०२३ मध्ये झाडीपट्टीचे नट परशुराम खुणे यांना पद्मश्री भेटली, ते संपलेल्या रंगभूमीसाठी काय?

जुनाजाणता : ती पोस्ट माझीच. तारीख भेटत नाही म्हणजे नाटक जिवंत, हा कोणता हिशोब? रात्री दोन वाजता मंडपात या. अर्ध्या खुर्च्या खाली, उरलेल्यांच्या तोंडावर मोबाइलचा उजेड. आम्ही बैलबंडीत तणस टाकून जात होतो, उजाडल्यावर परत. आता मधात डान्स नसला तर तिकीट खपत नाही.

पटवाला : दोघंही चुकले. नाटक मोबाइलनं नाही, पटबंदीनं मारलं. दिवसा शंकरपट, म्हणजे बैलजोड्यांची शर्यत, आन् रात्री नाटक, हे जोडकाम होतं. मे २०१४ मध्ये सुप्रीम कोर्टाची बंदी आली, ती उठली डिसेंबर २०२१ मध्ये. जोड्या नाही तर पाहुणे नाही, पाहुणे नाही तर नाटक कोणासाठी? आमच्या गावात तेवढी वर्षं मंडप पडलाच नाही.

धानवाला : आमच्याकडं पट कधीच नव्हता. मंडईवर, म्हणजे दिवाळीनंतरच्या जत्रेत, नाटक होते, दरसाल, लगित गर्दीत.

सिव्हिललाइन्स : बैलाला आर टोचून पळवायचं आणि त्याला संस्कृती म्हणायचं! बंदी उठायलाच नको होती.

पटवाला : आली नागपूरची एसी! माह्या जोडीले मी पोटच्या पोरासारखं पोसलं. बंदीत विकावी लागली, त्या दिवशी घरात चूल नाही पेटली. तुमच्या कुत्र्याले स्वेटर, ते प्रेम. आमचं काय?

सिव्हिललाइन्स : माझ्याकडे कुत्रा नाही.

पटवाला : मग तर बोलूच नका.

जुनाजाणता : बैल गोठ्यात बांधा हो. विषय नाटकाचा होता.

साकोलीची मावशी : कधीची वाचून राहिली. बंडीत तणस टाकून नाटकाले गेले, लगित छान. पण नाटकाच्या दिवशी घरात वीस पाहुणे, त्यांचा कोंबडा-भात कोण रांधे? आम्ही भांडी घासून मंडपात पोहोचलो का तिसरा अंक. चाळीस वर्षं मी नाटकाचा पहिला अंक पाहिलाच नाही. नायिका काहून रडते, ते मले दुसऱ्या दिवशी विहिरीवर कळे. मागच्या साली नातवानं यूट्यूबवर नाटक लावून दिलं. पहिल्यांदा सुरुवात पाहिली. आता बोला मोबाइलले शिव्या.

धानवाला : 😄 जुनाजाणता, द्या उत्तर.

जुनाजाणता : मावशीपुरतं कबूल. यूट्यूबले माह्याकडून एक नारळ. पण मावशी, खरं सांगा, अख्खं पाहिलं का मधात सरकवलं?

साकोलीची मावशी : डान्स सरकवले.

जुनाजाणता : हे बरं केलं.

पटवाला : बंदी उठल्यावर नवी जोडी घेतली, ते कोणी विचारलंच नाही.