मदत हवी आहे: बिटाच्या झणझणीत सूपमध्ये आमसूल की चिंच?

मंडळी, नमस्कार. ठाण्यात पहाटे छान गारवा पडलाय आणि जांभळी नाक्याच्या बाजारात बीट, गाजर, कोबी ताजे दिसतायत. म्हणून युक्रेनच्या बोर्श्ट या बिटाच्या सूपवरून आपल्या चवीचं सूप बसवतेय. (बोर्श्ट शिजवण्याच्या परंपरेला युनेस्कोनं २०२२ मध्ये तातडीने जपायच्या वारशाच्या यादीत घेतलंय.) भाज्या तिकडच्याच ठेवल्यात, फोडणी मात्र आपली: तुपात जिरं, ठेचलेला लसूण, आलं आणि कांदा-लसूण मसाला.

अडलंय ते आंबटापाशी. बिटाचा लाल रंग आंबटात टिकतो, नुसता उकळत राहिला की तपकिरी होतो. त्यामुळे बीट परततानाच बरेच जण व्हिनेगर घालतात. आंबटात बटाटा लवकर शिजत नाही, तो मी आधीच शिजवून घेते. पण लसणाच्या फोडणीवर व्हिनेगर मला अजिबात रुचत नाही. आमसूल घालावं असं फार वाटतं, त्याचा रंगही बिटाला साजेसा. प्रश्न असा की सासऱ्यांना दही चालत नाही, म्हणून वरून सावर क्रीमऐवजी (म्हणजे दह्यासारखी आंबवलेली साय) नारळाचं दाट दूध घालायचंय. सोलकढी आपण गरम करत नाही. इथे सूप कढत असणार. दूध फाटू नये म्हणून कधी घालू? की चिंचेचा कोळच बरा?

आणि बिटाचा मातकट वास सासऱ्यांना नको होतो. सालासकट भाजून घेतलं तर कमी होईल का? कोणी करून पाहिलं असेल तर मसाल्याचं प्रमाणही सांगा, चार जणांसाठी.