'ला सेलेस्तीना' : लेखकाचं घराणं बघून पुस्तक वाचायचं का?

कट्टेकरी : 'ला सेलेस्तीना' या जुन्या स्पॅनिश पुस्तकात सेलेस्तीना नावाची म्हातारी कुंटीण कालिस्तो-मेलिबेयाचं जुळवून देते, पुढे तिचा खून होतो, कालिस्तो पडून मरतो, मेलिबेया बुरुजावरून उडी टाकते आणि तिचा बाप प्लेबेरियो जगाला, नशिबाला, प्रेमाला बोल लावत रडतो. सर्वात जुनी मानली जाणारी आवृत्ती १४९९ची, बुर्गोसची. पण लेखक फेर्नांदो दे रोहास ख्रिश्चन झालेल्या ज्यू घराण्यातला निघाला ना, की आमेरिको कास्त्रो, स्टीफन गिलमन वगैरे अभ्यासक मंडळी पुस्तकातली सगळी निराशा तिथेच नेऊन बांधणार. इटालियन कवी पेत्रार्क कुठे गेला मग? रोहासने त्याच्याकडून किती उचललंय ते डेयरमंड या अभ्यासकाने १९६१लाच दाखवलंय.

ऋचा_वाचते : कुठून उचललं ते कळलं, पण नेमकं तेच का उचलावंसं वाटलं? रोहासच्या सासऱ्याला १५२५मध्ये इन्क्विझिशनने, म्हणजे पाखंड शोधणाऱ्या धर्मन्यायालयाने, धरलं, मेल्यावर पुढे काही आहे का कुणास ठाऊक असं बोलला म्हणून. त्याने वकील म्हणून जावई मागितला तर संशयातीत माणूस आण म्हणाले!

कट्टेकरी : अहो ताई, पुस्तक आधीचं, अटक पंचवीसेक वर्षांनी.

ऋचा_वाचते : टोलेडोत इन्क्विझिशन १४८५पासून होतं आणि रोहासचं गाव ला पुएब्ला दे मोंताल्बान तिथून फार लांब नाही. भीती काय अटकेच्या दिवशी सुरू होते?

कट्टेकरी : बरं, पण हाच माणूस तालावेरात वकिली करतो, आल्काल्दे म्हणजे नगरप्रमुख होतो, १५४१ला चांगला ख्रिश्चन म्हणून मरतो. त्यावर तुम्ही म्हणणार ते वरवरचं. भाविक वागला तर ढोंग, कडू लिहिलं तर पुरावा, मग तुमची थिअरी चुकणार तरी कधी?

जुनापुराणा : मध्येच बोलतो. पहिला अंक आयता मिळाला असं रोहास स्वतःच सांगतो, म्हणजे तेवढ्यापुरतं घराणं कुणाचं बघायचं? आणि कास्त्रो काय, त्यांना खोडून काढणारे इतिहासकार सांचेस-आल्बोर्नोस काय, दोघंही हुकूमशहा फ्रँकोच्या स्पेनबाहेर राहून लिहीत होते, ग्रंथ दोघांचे ब्वेनोस आयरेसलाच छापले, १९४८ आणि १९५६. स्पेन घडवला कुणी हे त्यांचं भांडण, त्यात बिचारा रोहास साक्षीदार म्हणून ओढला गेला.

ऋचा_वाचते : भांडण असू दे हो. मुलगी मेल्यावर बाप परलोकाचा एक शब्द काढत नाही, दिलासा शोधत नाही, हे पानावर आहे की नाही?

कट्टेकरी : आहे की. पण तिने आत्महत्या केलीय, चर्चच्या हिशोबाने महापाप. तिथे कट्टर, पिढीजात ख्रिश्चन बापाला तरी कसला दिलासा मिळणार होता?