हंगामाला कर्नाटकात गेलो म्हणून बहिणीचं डोमिसाईल अडलंय

बालाघाटी
नमस्कार. आमचं गाव बीड जिल्ह्यात, डोंगरपट्ट्यात. आई आणि अण्णा ऊसतोडीला जातात. दसरा-दिवाळी झाली की टोळी निघते, ती पाडव्याच्या आसपास माघारी येते. धाकटी बहीण यंदा बारावी सायन्स झाली. तिला बी.एस्सी. नर्सिंग करायचंय, त्यासाठी डोमिसाईल, म्हणजे महाराष्ट्राचे रहिवासी असल्याचा दाखला, लागतंय.

अर्ज दिला, कागद परत दिले. शाळेच्या दाखल्यावर तिसरीत नाव कमी झालेलं आणि पुढं पुन्हा दाखल केलेलं दिसतंय. मधल्या काळात कुठं होतात म्हणून विचारलं. अण्णांनी खरं ते सांगितलं, दोन हंगाम बेळगावकडच्या कारखान्यावर होतो, पोरगी लहान म्हणून सोबत नेली. साहेब म्हणाले, मग सलग १५ वर्षं कुठं भरतात? वर बाहेर एकानं पाचशेचा स्टॅम्प आणा म्हणून सांगितलं.

आमचं घर इथं, रेशन इथं, मतदान इथं. सहा महिने कुलूप असतं, पण घरपट्टी एकदाही थकवली नाही. पावत्या आईनं युरियाच्या गोणीतल्या प्लास्टिकात गुंडाळून पेटीत ठेवल्यात. पोटासाठी गेलो म्हणून आम्ही इथले नाही का? काय करावं, सांगा.

सेतूचालक, नांदेड
भाऊ, पहिलं सांगा, अर्ज 'आपले सरकार' या शासनाच्या संकेतस्थळावर नोंदला का? नुसते कागद खिडकीवर दाखवले असतील तर तो अर्जच नाही. नोंदवा आणि अर्ज क्रमांक जपून ठेवा. लोकसेवा हक्क अधिनियम २०१५ मध्ये आला, त्यात या दाखल्याला १५ दिवसांची मुदत आहे. नाकारायचं असेल तर कारण लेखी द्यावं लागतं आणि त्यावर ३० दिवसांत वरच्या अधिकाऱ्याकडे अपील करता येतं. तोंडी नकार घेऊन घरी येऊ नका.

दुसरं, १५ वर्षं एका गावातली नाही, महाराष्ट्रातली धरतात. सांगली-कोल्हापूरला तोडणीला गेलेल्यांचा तर प्रश्नच येत नाही. तुमचं कर्नाटकाचं आहे, पण कामासाठी काही महिने बाहेर राहणं म्हणजे अधिवास सोडणं नव्हे. घर इथंच ठेवून दरवर्षी माघारी आलात, हे कागदावर दिसलं पाहिजे. घरपट्टीच्या पावत्या, ग्रामपंचायतीचा नमुना ८ चा (घराच्या नोंदीचा) उतारा, रेशन कार्ड आणि मतदार यादीत आई-वडिलांची नावं असलेलं पान, सगळं जोडा.

स्टॅम्प घेऊ नका. साध्या कागदावर स्वयंघोषणापत्र चालतं.

निवृत्त गुरुजी, परभणी
बाळा, शाळेच्या दाखल्यावर अवलंबून राहू नकोस. शाळेत जाऊन मुख्याध्यापकांकडे प्रवेश निर्गम उतारा माग, म्हणजे नाव कधी घातलं, कधी कमी केलं त्या रजिस्टराची नक्कल. दाखल्यावर एक ओळ असते, रजिस्टरात दोन्ही नोंदी पूर्ण सापडतील. नाव कमी करण्याचं कारण 'सतत गैरहजर' लिहिलेलं असेल, 'गाव सोडले' नव्हे. हा फरक फार मोठा आहे. मी स्वतः दिवाळीनंतर अशी कितीतरी नावं कमी केली आहेत आणि पाडव्यानंतर तीच लेकरं नव्या अनुक्रमांकानं पुन्हा घेतली आहेत. त्या एका शेऱ्यानं पुढं काय होतं, हे तेव्हा माझ्या ध्यानात आलं नाही, त्याचं आज वाईट वाटतं. हंगामाला बाहेर जाणाऱ्या लेकरांना शाळा देते ते शिक्षण हमी कार्ड तिला दिलं होतं का तेही शोध. लेकरू कुठल्या शाळेतून, किती दिवसांसाठी गेलं, ते त्यावर असतं.

गंगाखेडची ताई
आमच्या पुतणीचं असंच अडलं होतं. तलाठ्यांनी घरी येऊन पंचनामा केला, शेजारच्या दोघांचे जबाब घेतले, तेव्हा काम झालं. तुमच्या तलाठ्यांना तसा अर्ज द्या, आणि दसऱ्याच्या आत करून घ्या दादा. गाव हंगामाला गेलं की जबाब द्यायला म्हातारी माणसंच उरतात.

बालाघाटी
गुरुजी, आज शाळेत जाऊन आलो. रजिस्टरात दोन्ही वेळा शेरा 'सतत गैरहजर' असाच आहे. उताऱ्यावर सही-शिक्का घेतला. हमी कार्ड पेटीच्या तळाशी निघालं, कडा भिजून गेल्यात, पण बहिणीचं नाव आणि आमच्या शाळेचा शिक्का वाचता येतो. पावत्या तारखेनं लावल्या, एकही वर्ष सुटलेलं नाही. तलाठी सोमवारी येणार आहेत. अर्ज नोंदला, क्रमांक मिळाला. ताई, शेजारच्या मावशी आणि त्यांचे मालक जबाबाला तयार आहेत, ते यंदा उशिरा निघणार आहेत.